अर्ध्या सिनेमाचा अपशकुन

शिडीखालून गेल्यावर काही वाईट होतं, हे निमटेकडीच्या लोकांना बहात्तर सालच्या दसऱ्यापर्यंत माहीत नव्हतं. मांजर आडवं गेलं तर काय करायचं, टिटवी ओरडली तर काय करायचं, निघताना कोणी शिंकलं तर किती वेळ खाली बसायचं, हे सगळं त्यांना येत होतं. शिडी मात्र तोपर्यंत नुसती शिडी होती. तिला अपशकुनी केलं ते मुक्तानं, आणि तेही गावाच्या डोक्यातलं भूत घालवायला जाऊन.

मुक्ता ही भगवानरावांची धाकटी सून. अंबाजोगाईच्या कॉलेजातून बी.एस्सी. झालेली. रोज एस.टी.नं दिंद्रुडच्या हायस्कुलात विज्ञान शिकवायला जायची. नवरा राधाकिशन बीडला कोर्टात कारकून होता, तो रविवारी घरी यायचा. गावात पाणीपुरवठा सहकारी संस्था निघाली तेव्हा चेअरमन अर्थातच भगवानराव झाले आणि सेक्रेटरी म्हणून त्यांनी सुनेचं नाव घातलं. कमी बोलते, अक्षर चांगलं आहे आणि घरातली आहे, एवढं त्यांना पुरेसं वाटलं.

संस्थेची एक विहीर होती, तिच्यात पाणी नव्हतं. पाणी लागलं की ते शेअरप्रमाणे वाटायचं, असा नियम होता. शेअर बहुतेक भगवानरावांचे होते. काही त्यांच्या नावावर, काही भावांच्या, काही परगावी दिलेल्या लेकींच्या, आणि काही निमटेकडीची वेस कधी न पाहिलेल्या साडूंच्या. उरलेला एकेक शेअर विहीर खोदणाऱ्या ऊसतोड्यांकडे होता. त्यांची कोरडवाहू पट्टी विहिरीखालीच होती. दिवाळी झाली की मुकादमाचे ट्रक येत आणि ही घरं कुलूप लावून कारखान्याकडे जात. त्याआधी पाणी लागलं तर त्यांतली काही थांबतील, ज्वारी भिजेल, वर्गातली मुलं वर्गात राहतील, असा मुक्ताचा हिशेब होता. ट्रक आधी आले तर खोदायला कोणी उरणार नव्हतं. मग संस्था नुसती पाटीवर राहिली असती.

दसऱ्याच्या आसपास खालच्या थराला सुरुंग लावला आणि एका कोपऱ्यात ओल दिसली. त्याच दिवशी खोदणाऱ्यांतल्या रामकिसननं जाहीर केलं की विहिरीत आसरा आहेत. आसरा म्हणजे पाण्यातल्या सात बाया. त्यांना न विचारता पाणी काढलं तर माणूस धरतात. दोन दिवस काम बंद पडलं. खण-नारळ झाला, काम सुरू झालं. पण मुक्ताचं डोकं उठलं. आज आसरा, उद्या आणखी काही. एकदाच काय ते हसून मोकळं व्हावं या लोकांनी, असं तिच्या मनात आलं.

दिंद्रुडच्या बाजारात बंकटच्या फिरत्या टॉकीजचा तंबू लागला होता. मुक्तानं त्याला विचारलं, “भुताची गंमत असलेला एखादा सिनेमा आहे का?”

“हाय की. लई जुना हाय पर. मुका हाय. साहेब लोकांचा.”

अशा जातीचा एक सिनेमा तिनं कॉलेजात पाहिला होता. पडक्या बंगल्यात पांढरं भूत फिरतं, सगळे घाबरतात, आणि शेवटी कोणीतरी चादर ओढतं तर आतून लबाड काका निघतो. मुक्ताला तेच हवं होतं. साखर कारखान्याच्या संचालकपदाची भगवानरावांची निवडणूक तोंडावर आली होती, त्यामुळे गावाला संस्थेतर्फे सिनेमा दाखवण्याची कल्पना त्यांना लगेच पटली. तिकीट मात्र बंकटनं घेतलंच.

अंधार पडल्यावर मारुतीच्या पारासमोर पडदा लागला. सिनेमा मुका, म्हणून बंकट स्वतःच कर्ण्यावरून बोलत होता. पडद्यावर चष्मेवाला, काटकुळा साहेब आला. त्याला वारशात बंगला मिळाला होता. त्याचा नोकर प्रत्येक गोष्टीला घाबरत होता आणि हा प्रत्येक गोष्टीला हसत होता. दारात शिडी लावलेली होती. नोकर तिला वळसा घालून गेला.

“आता पाहा, ह्यो शहाणा शिडीखालून चाललाय,” कर्णा म्हणाला. “जाऊ नको बे. लोक काय येडे हायेत काय? गेला. आता भोग.”

चुन्याची बादली साहेबाच्या डोक्यावर पडली. गाव पोट धरून हसलं. काळं मांजर आडवं गेलं आणि साहेबाची पँट दाराच्या खिळ्यात अडकून फाटली. त्यानं घरात छत्री उघडली, तर झुंबर कोसळलं. त्याला झोपायला तेरा नंबरची खोली मिळाली आणि पलंग त्याला घेऊन जिन्यावरून खाली गेला. लोक हसत होते, बाया पदर तोंडाला लावून हसत होत्या. मुक्ताला वाटलं, जमलं. मग कपाटातून पांढरं काहीतरी बाहेर आलं, त्याचे हात साहेबाच्या गळ्याकडे गेले, आणि पडदा काळा झाला.

“डिझेल संपलं,” बंकट म्हणाला. “एवढाच राहिलता.”

लोक उठून घरी गेले. घरी जाताना कोणी हसत नव्हतं, हे मुक्ताच्या लक्षात यायला हवं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी विहिरीवर ते लक्षात आलं. सुरुंगानं विहिरीच्या तीन बाजू खिळखिळ्या झाल्या होत्या. चौथ्या बाजूला अखंड काळा खडक होता, म्हणून शिडी तिथेच टेकवावी लागत होती. ओल नेमकी शिडीमागच्या कोपऱ्यात होती. तिथे पोचायचं तर शिडीखालून वाकून जावं लागायचं, आणि महिनाभर सगळे तसेच जात होते. त्या सकाळी रामकिसन वाकून आत गेला आणि वर ओढली जाणारी दगडांची पाटी कलली. एक दगड त्याच्या खांद्याला लागला. मुका मारच होता, पण रामकिसन वर आला आणि त्याच्यामागे सगळे वर आले.

“रामकिसन, त्या विहिरीत रोज दगड पडतात,” मुक्ता म्हणाली.

“पडत्यात की.”

“मागच्या आठवड्यात तुमच्या पायावर पडला होता.”

“पडलता. पर तवा मी शिडीच्या अल्याड होतो.”

“म्हणजे शिडीखालून गेलं नाही तरी पडतोच ना?”

“तो नुसता दगड व्हता, बाई. ह्यो शिडीचा हाय.”

मुक्तानं श्वास घेतला. वर्गात एखादं पोर सलग तिसऱ्यांदा चुकलं की ती असाच घ्यायची. “तुम्ही महिनाभर याच शिडीखालून जाताय. तेव्हा काही झालं नाही.”

“तवा ठाऊक नव्हतं.”

“ठाऊक नव्हतं म्हणून झालं नाही?”

“तेच तर सांगायलोय मगापासून,” रामकिसन म्हणाला. बाईंना एकदाचं कळलं, याचं त्याला बरं वाटलेलं दिसलं.

त्याची बायको कडूबाई विहिरीच्या काठावर बसून पायातला काटा काढत होती. “बाई, तुमीच म्हणला व्हता, ऐकीव गोष्टीवर भरवसा ठिवू नगा, डोळ्यानं पाहा आन् मंग माना. आमी पाह्यलं. समद्या गावानं पाह्यलं.”

“कडूबाई, ते नाटक असतं. बादली वरून एक माणूस ढकलतो.”

“मंग त्यो दिसला कावून न्हाई?”

“तो दिसू नये म्हणूनच तिथे ठेवलेला असतो.”

“आसरा बी दिसत न्हाईत,” कडूबाई म्हणाली. “त्यांचं मातर तुमी मानीत न्हाई.”

यावर मुक्ताकडे उत्तर होतं, पण ते द्यायला सुरुवात केली असती तर ट्रक येईपर्यंत पुरलं असतं. ती उठली, विहिरीत उतरली आणि सगळ्यांच्या देखत शिडीखालून गेली, परत आली, पुन्हा गेली. तिला काहीही झालं नाही. संध्याकाळी भगवानरावांची दाढ ठणकू लागली. सुनेचा अपशकुन सासऱ्याला लागला, यात गावाला काहीच नवल वाटलं नाही. खुद्द भगवानरावांनाही फारसं वाटलं नसावं, कारण लवंग गालात धरून ते म्हणाले, “सूनबाई, परत तसलं काही करू नका. मी काही मानत नाही. पण निवडणूक हाय.”

नंतरचे दिवस मुक्ताला आठवले तरी कपाळाला आठी पडायची. तेरा आकड्याचा तर गावाला आधीपासूनच संशय होता. तेरावं घालतात ते माणूस गेल्यावर, आणि हे सातासमुद्रापलीकडच्या साहेबालासुद्धा ठाऊक आहे म्हटल्यावर शंकाच उरली नाही. दिंद्रुडच्या एस.टी.त तेरा नंबरच्या सीटवर निमटेकडीचं माणूस बसेना. उभं राहील, पण बसणार नाही. घराच्या उंबऱ्याच्या आत कोणी छत्री उघडत नव्हतं; तशी दोन वर्षांत छत्री उघडायची वेळच आली नव्हती, तरीही. शिडीचं मात्र सगळ्यांत अवघड होऊन बसलं. आसरांना खण-नारळात समजावता तरी येत होतं. शिडीला काय द्यायचं ते कोणालाच माहीत नव्हतं. रामकिसन देवऋष्याकडे जाऊन आला. देवऋषी म्हणाला, हे इंग्रजी आहे, माझ्याकडे याच्यावर काही नाही.

“निदान त्याच्याकडं असतं,” मुक्ता घरी आल्यावर सासूला म्हणाली, “तर मी स्वतः आणून दिलं असतं.”

सासूबाई, सुंदरबाई, भाकरी थापत होत्या. त्या म्हणाल्या, “पर त्या साहेबाचं फुडं झालं काय? मेला का वाचला?”

मुक्ता थांबली. इतक्या दिवसांत हे तिला सुचलं नव्हतं. गावानं शेवट पाहिलाच नव्हता. हसणारा माणूस मार खातो, इथपर्यंत पाहिलं होतं. चादर ओढलेली पाहिली नव्हती. उरलेलं एक रीळ दाखवलं की काम झालं.

बंकटचा तंबू तोवर चतुर्थीच्या गर्दीसाठी लिंबागणेशला गेला होता. मुक्तानं शाळेतून रजा घेतली, बीडला गाडी बदलली आणि दुपारी तिथे पोचली. बंकट तंबूच्या सावलीत मशीनला तेल देत होता. मशीनच्या मानेला लिंबू-मिरची बांधलेली होती.

“त्या सिनेमाचा शेवटचा भाग आमच्या गावात दाखवायचा आहे,” ती म्हणाली. “डिझेल संस्था देईल.”

बंकटनं तेलाची बुधली खाली ठेवली. “शेवटचं रीळ न्हाई, बाई.”

“नाही म्हणजे?”

“जळालं. माझ्या आधीच्या मालकाच्या वक्ताला.”

“मग डिझेल संपलं म्हणालात ते?”

“समदीकडं तेच म्हणतो. रीळ न्हाई म्हणलं तर लोक तिकिटाचे पैसे परत मागत्यात. डिझेल संपलं म्हणलं तर कोण काय बोलणार? दुस्काळ हाय, समद्यांचंच संपायलंय.”

“म्हणजे कुठल्याच गावात शेवट दाखवलेला नाही?”

“मीच पाह्यलेला न्हाई.”

मुक्ताला क्षणभर सगळा जिल्हा दिसला, शिड्यांना वळसे घालून चाललेला. “तुम्हाला काय वाटतं, शेवटी काय होत असेल?”

बंकटनं इकडेतिकडे पाहून आवाज खाली आणला. “भूतच जितत असंल. त्याबिगर रीळ जळतं व्हय?”

“तर मग गावात येऊन एवढंच सांगा, की रीळ जळालेलं आहे आणि तुम्ही शेवट पाहिलेला नाही.”

“तुमच्या गावात न्हाई येणार मी. तिथनं निघालो आन् येशीपाशीच टायर फुटला. लई पनवती गाव हाय ते, बाई. वाईट वाटून घिऊ नगा.”

परतीच्या गाडीत एकच सीट रिकामी होती. मुक्ता तेरा नंबरवर बसली आणि बीड येईपर्यंत खिडकीबाहेर पाहत राहिली. दोन्ही बाजूंना शेतं होती आणि त्यांत काही नव्हतं.

दुसऱ्या दिवशी तिसऱ्या प्रहरी संस्थेच्या ओट्यावर बैठक झाली. भगवानराव खुर्चीवर, गालाला रुमाल. खोदणारे खाली, त्यांच्या बाया एका बाजूला. मुक्तानं सगळं सांगितलं. बंकट प्रत्येक गावात अर्धाच सिनेमा दाखवतो आणि डिझेलचं नाव सांगतो. अशा सिनेमात शेवटी भुताची चादर ओढतात आणि आतून माणूस निघतो. जे झालं ते सगळं त्या माणसानंच केलेलं असतं, बादलीसुद्धा.

मग रामकिसन म्हणाला, “म्हंजी तिकीट पुऱ्याचं घेतलं आन् माल अर्धाच दिला?”

“हो.”

“काट्यावर मारत्यात तसं.”

कारखान्याच्या काट्यावर मोळ्यांचं वजन कसं मारतात हे तिथे बसलेल्या प्रत्येकाला अंगानं माहीत होतं. ओट्याखाली एकदम गलका उठला. बंकटला मिळतील तेवढ्या शिव्या मिळाल्या. बायांनी दिलेल्या अधिक बारकाईनं दिलेल्या होत्या. मुक्ताला बरं वाटलं. गेल्या कित्येक दिवसांत पहिल्यांदाच ही माणसं आणि ती एकाच गोष्टीवर चिडली होती.

“मग उद्यापासून कोपऱ्यात खोदाल ना?” तिनं विचारलं.

“ते येगळं,” रामकिसन म्हणाला.

“वेगळं कसं?”

कडूबाईनं समजावणीच्या सुरात सांगितलं, “बाई, अर्धा तर अर्धा, पाह्यला तर हाय. पुऱ्या पिच्चरचा पुरा लागला असता. अर्ध्याचा अर्धा तरी लागंलच की.”

मुक्ताच्या हातातलं पेन ओट्यावर आपटलं. ती सहसा आवाज चढवत नसे. आताही चढवला नाही, पण शब्द दातांतून आले. “मग तो अर्धा सगळ्यांनी मिळून वाटून घ्या आणि कामाला लागा. संस्थेला तोटा झाला की वाटून घेतातच ना? तसाच.”

ती वैतागून म्हणाली होती. पण लोक तिच्याकडे पाहू लागले, आणि त्या पाहण्यात नकार नव्हता.

“खड्डा संस्थेचा हाय,” कडूबाई हळूहळू म्हणाली. “शिडी बी संस्थेचीच. मंग अपशकुन माज्या नवऱ्याच्या एकल्याच्या डोक्यावर कावून?”

“बराबर हाय,” कोणीतरी म्हणालं.

“वाटला तर चिमूटभर बी येनार न्हाई एकेकाला,” दुसरा म्हणाला.

भगवानराव खुर्चीत सरळ झाले. काम सुरू होतंय, हे त्यांना कळलं होतं. “झ्याक. सहकार म्हंजी दुसरं काय असतंय? लिहा ठराव, सूनबाई. विहिरीच्या कामात शिडीमुळं जो काही अपशकुन होईल तो सगळ्या सभासदांनी दर माणशी सारखा वाटून घ्यायचा.”

मुक्तानं पेन उचललं. सरकारी छाप असलेल्या कागदावर हे लिहायची वेळ आपल्यावर येईल असं बी.एस्सी.ला असताना कोणी सांगितलं असतं, तर तिनं रसायनशास्त्र सोडून शिवणकाम घेतलं असतं. तिनं लिहायला सुरुवात केली.

“थांबा, बाई,” कडूबाई म्हणाली. “आबा, दर माणशी कसा?”

“म्हंजी?”

“पाणी शेअरपरमानं आन् अपशकुन डोक्यापरमानं? ह्ये कोणचं वाटप?”

भगवानराव हसले. मग त्यांनी खाली बसलेल्यांकडे पाहिलं आणि हसायचे थांबले, कारण कोणीच हसत नव्हतं. शेअरप्रमाणे म्हणजे काय हे ज्याच्या त्याच्या मनात मांडून झालं होतं. गाव ज्याला आबा म्हणत होतं त्याच्या वाट्याला जवळजवळ सगळा अपशकुन जात होता. लेकींचा, साडूंचा आणि भावांचाही त्याचाच, कारण ते शेअर कोणाचे आहेत हे सगळ्यांना माहीत होतं.

“तसं काही नसतं गं,” ते म्हणाले.

“नसतं तर मंग शेअरपरमानं होऊ द्या की,” कडूबाई म्हणाली.

भगवानरावांचा हात गालावरच्या रुमालाकडे गेला. मुक्ता कागदाकडे पाहत राहिली. तिनं ‘दर माणशी’ खोडलं आणि पुढे जागा रिकामी सोडली. भगवानरावांनी तिच्याकडे पाहिलं, तिनं पाहिलं नाही.

बैठक मोडली नाही, पण भगवानराव पाणी प्यायला आत गेले आणि बऱ्याच वेळानं बाहेर आले. आले ते भाषण करतच आले. राबतो त्याला वाटा मिळाला पाहिजे, सहकार म्हणजे मोठ्यानं धाकट्याला उचलून घेणं, आपण आपले आणि घरच्यांचे शेअर खोदणाऱ्या सभासदांना देऊन टाकतो आहोत, चेअरमनला लागतो तेवढा एक ठेवून. आवाज भरून आला होता. निवडणुकीच्या सभांत तो असाच भरून येई.

“सूनबाई, बदलीचे कागद आत्ताच करा,” त्यांनी सांगितलं. “शिडीखाली माणूस जायच्या आधी.”

खोदणारे एकमेकांकडे पाहू लागले. शेअर घ्यायचे म्हणजे जोडीला ते दुसरं पण आलं.

“आमाला आन्खी काय लागायचं ऱ्हायलंय?” कडूबाई सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली. “पाऊस दोन सालापासनं न्हाई. वरीस अर्धं फडात जातंय. त्यात चिमूटभर पडलं तर कळायचं बी न्हाई.” मग ती भगवानरावांकडे वळली. “पाण्यासकट ना, आबा?”

“समद्यासकट,” भगवानराव म्हणाले. त्यांचं लक्ष दाढेकडे होतं.

मुक्तानं ठरावातल्या रिकाम्या जागी ‘शेअरप्रमाणे’ लिहिलं आणि शेअर बदलीचे कागद केले. ती प्रत्येक अंगठा पुसून देत होती आणि प्रत्येक सही दोनदा पाहत होती. दुसऱ्या दिवशी शाळेला जाताना ते कागद तिच्या पिशवीत होते, आणि शाळा सुटल्यावर तिनं दिंद्रुडहून निमटेकडीची गाडी न धरता माजलगावची धरली.

विहिरीचं काम त्याच सकाळी सुरू झालं. कोपऱ्यात जाताना माणसं शिडीखालून न कुरकुरता वाकत होती. दगड पडतच होते. एकदा पडला तो खोदणाऱ्या गेनूच्या टोपलीत पडला, तेव्हा रामकिसन वर ओरडून म्हणाला, “लिहा बे, संस्थेच्या नावावर.” काठावरचे सगळे हसले. मुक्ता शाळेतून परतताना रोज विहिरीवर थांबायची आणि काही न बोलता घरी जायची. तिला काय म्हणायचं होतं ते तिनं आधीच म्हणून पाहिलं होतं.

दिवाळीच्या आधी शिडीमागचा खडक फुटला आणि पाणी आलं. फार नव्हतं, गढूळ होतं, पण येत राहिलं. दुसऱ्या दिवशी शिडीच्या खालच्या पायऱ्या बुडाल्या. मुकादम आला तेव्हा रामकिसनच्या दारात बसून त्यानं दोन वेळा चहा घेतला आणि तसाच गेला. गावातून ट्रक भरले, पण नेहमीसारखे भरले नाहीत.

त्या आठवड्यात भगवानरावांची दाढ अंबाजोगाईच्या डॉक्टरनं काढली. ठणका गेला आणि डोकं चालू लागलं. संध्याकाळी मुक्ता पडवीत प्रयोगवह्या तपासत होती, ते शेजारच्या बाजेवर येऊन बसले.

“ते शेअरचे कागद,” ते म्हणाले, “अजून घरातच असतील ना?”

“नाही, मामा. माजलगावला निबंधकांच्या कचेरीत दिले.”

“कधी?”

“दुसऱ्याच दिवशी.”

त्यांनी बोटांवर दिवस मोजले. मग म्हणाले, “परत अर्ज केला तर होतंय सगळं. आसले कागद फिरवता येतात, मला माहिती हाय. त्या लोकांना मी सांगन समजावून.” ते पुढे वाकले आणि पहिल्यांदाच तिच्याशी, घरातल्या माणसाशी बोलावं तसं नाही, शिकलेल्या माणसाशी बोलावं तसं बोलले. “तुम्ही सायन्सवाल्या हायत. खरं सांगा. शिडीनं काही होतं का?”

मुक्तानं हातातली वही मिटली. इतके दिवस तिनं याच प्रश्नाचं उत्तर घसा बसेपर्यंत दिलं होतं. विहिरीवर दिलं होतं, ओट्यावर दिलं होतं, स्वयंपाकघरात दिलं होतं, आणि कोणीही ऐकून घेतलं नव्हतं. आता ऐकून घेणारं माणूस समोर बसलं होतं. एक शब्द पुरला असता. त्या एका शब्दावर विहिरीचं पाणी पुन्हा साडूंच्या नावानं वाहू लागलं असतं.

“मामा, सायन्समध्ये असं तोंडी सांगत नाहीत,” ती म्हणाली. “करून पाहावं लागतं.”

“म्हंजी कसं?”

“एका वेळी एकच गोष्ट बदलायची. बाकी सगळं होतं तसं ठेवायचं. तुम्ही शेअर परत घ्या, अपशकुनाच्या ठरावासकट. दुसरं काही बदलू नका. मग निवडणुकीत काय होतं ते पाहू. काही झालं नाही, तर शिडीत काही नाही असं म्हणता येईल.”

“आन् झालं तर?”

“तर तसं लिहून ठेवू.”

भगवानराव तिच्याकडे पाहत राहिले. ती चेष्टा करते आहे का, हे त्यांना ठरवता येत नव्हतं, कारण तिचा चेहरा वर्गात असायचा तसाच होता. त्यांनी जिभेनं दाढेची रिकामी जागा चाचपली.

“निवडणूक झाल्यावर बघू,” ते म्हणाले आणि उठून आत गेले.

निवडणूक त्यांनी जिंकली, आणि जिंकल्यावर हे सगळं जुळून आलेलं बिघडवायचं धाडस त्यांना झालं नाही. मुक्तानं पाण्याच्या पाळ्या नव्या शेअरप्रमाणे लावायला घेतल्या. कडूबाई दाराच्या चौकटीला टेकून पाहत उभी होती.

“आमची कवा हाय, बाई?”

“मंगळवारी.”

“मंगळवार नको. मंगळवारी पयलं पाणी घिऊ नये.”

“का?”

“चांगलं नसतंय.”

“कोणी सांगितलं?”

“सांगायला कशाला पायजे? समद्यांना म्हाईत हाय.” कडूबाईनं जरा विचार केला. “आबांना द्या की मंगळवार. त्यांचा एकच शेअर हाय, त्यांना काय होतंय?”

मुक्तानं बोटांनी डोळे चोळले. मग तिनं मंगळवारपुढे कडूबाईचंच नाव लिहिलं, खाली सही केली आणि कागद तिच्या हातात देऊन दार लावून घेतलं.